धुऱ्यावरचा पळस आणि अंगणातला शिंजीर



शेतकरी मेळावा धानाचा असो की भाजीपाल्याचा, चहापाण्याच्या वेळी हल्ली एक प्रश्न हमखास कानावर येतो. "साहेब, आमच्या जास्वंदीवर हमिंगबर्ड येते. इतकीशी चिमणी, लांब चोच, फुलासमोर भिरभिरते. विलायतेतले पाखरू आमच्या कारध्यात कसे आले?" पोराच्या मोबाइलवर अमेरिकेतले चित्र पाहिलेले असते, आणि सांदवाडीतले पाखरू अगदी तसेच दिसते. त्यामुळे विचारणाऱ्याचे काही चुकत नाही.

पण वस्तुस्थिती अशी आहे की हमिंगबर्ड हा पक्षी फक्त अमेरिकेच्या दोन्ही खंडांत आढळतो. त्याच्या साडेतीनशेच्या आसपास जाती आहेत, आणि त्यांतली एकही भारतात नाही. तुमच्या जास्वंदीवर येतो तो शिंजीर. कुणी त्याला सूर्यपक्षी म्हणतात, कुणी फुलचुखी. तो परका नाही, पिढ्यान् पिढ्या इथलाच आहे. वैनगंगेच्या या काठावर धानाच्या बांध्या, भाजीचे मळे आणि धुऱ्यावरचे पळस यांच्या संगतीने तो जगत आला आहे. आज त्याची ओळख करून घेऊ. त्याबरोबर दूर अमेरिकेतल्या एका चिमुकल्या प्रवासी पाखराचीही गोष्ट सांगतो, कारण त्या गोष्टीतून आपल्या शेताला घेण्यासारखे पुष्कळ आहे.

शिंजीर ओळखावा कसा?

आपल्याकडे सर्रास दिसतो तो जांभळा शिंजीर. चिमणीपेक्षाही लहान, चोचीच्या टोकापासून शेपटीपर्यंत जेमतेम दहा सेंटिमीटर. वजन आठ-दहा ग्रॅमच्या आत. चोच बारीक आणि खाली वाकलेली. विणीच्या दिवसांत नर लांबून काळा वाटतो, पण ऊन अंगावर पडले की निळा-जांभळा झळकतो. मादी अगदी साधी, वरून मातकट आणि पोटाशी पिवळसर. पाहणाऱ्याला ही दोन वेगळी पाखरे वाटतात, पण ते एकच जोडपे असते.

विणीचा हंगाम सरला की नराचे हे चमकदार कपडे उतरतात. तोही मादीसारखा पिवळसर दिसू लागतो, फक्त गळ्यापासून पोटापर्यंत एक काळी रेघ उरते. "काळे पाखरू पावसाळ्यानंतर कुठे जाते?" असे विचारणाऱ्यांनी ही रेघ पाहावी. पाखरू तेच असते.

आणखी एका जिवावरून फसगत होते. संध्याकाळच्या सुमारास फुलासमोर हवेत थांबून लांब सोंड आत घालणारा एक जाडसर पतंग असतो. त्याचे पंख इतके वेगाने हलतात की नुसता धुरकट पट्टा दिसतो. पुष्कळांना तोच हमिंगबर्ड वाटतो. डोक्यावर दोन मिशा आणि गुंडाळता येणारी सोंड दिसली की समजावे, हा पतंग आहे. शिंजिराला चोच असते आणि तो बहुतेक वेळा डहाळीवर बसूनच रस पितो. क्वचित हवेत थांबतो, पण ते त्याला फार वेळ जमत नाही.

सातासमुद्रापलीकडचा प्रवासी

आता त्या अमेरिकेतल्या पाखराकडे वळू. हमिंगबर्डांमध्ये सेलॅस्फोरस नावाचा एक वंश आहे. विल्यम स्वेन्सन या इंग्रज निसर्ग-अभ्यासकाने १८३२ साली त्याला हे नाव दिले. ग्रीक भाषेत त्याचा अर्थ 'प्रकाश वाहणारा'. नराच्या गळ्यावर ऊन पडले की तो निखाऱ्यासारखा पेटतो, म्हणून हे नाव. आपण सूर्यपक्षी म्हणतो, त्यांनी प्रकाश वाहणारा म्हटले. दोन टोकांच्या माणसांना पाखरू पाहून सुचले ते जवळजवळ एकच.

या वंशातल्या काही जाती मध्य अमेरिकेत कोस्टारिका-पनामाच्या डोंगरांत राहतात. पण उत्तरेकडच्या जाती पक्क्या प्रवासी आहेत. त्यांतला तांबूस हमिंगबर्ड सर्वांत नावाजलेला. वजन साडेतीन ग्रॅमच्या आसपास, म्हणजे आपल्या रुपयाच्या नाण्याएवढे. हा जीव हिवाळा मेक्सिकोत काढतो आणि उन्हाळ्यात अंडी घालायला थेट अलास्काच्या दक्षिण भागापर्यंत जातो. एका बाजूचा प्रवास सुमारे सहा हजार किलोमीटर होतो. काश्मीर ते कन्याकुमारी हे अंतर याच्या निम्म्याच्या आसपास येईल.

एवढ्या लहान देहात एवढ्या प्रवासाचे बळ येते कुठून? फुलांतल्या रसातून, आणि त्याच्या जोडीला खाल्लेल्या बारीक किड्यांतून. प्रवासाआधी तो अंगावर चरबी साठवतो. वाटेत फुलांचा ताटवा दिसला की काही दिवस मुक्काम करतो, आणि तेवढा तुकडा आपल्या मालकीचा समजून दुसऱ्या पाखरांना हुसकावतो. कोणत्या फुलातला रस आपण नुकताच पिऊन संपवला हे त्याच्या ध्यानात राहते, असे शास्त्रज्ञांनी प्रयोगांतून दाखवले आहे. गारठ्याच्या रात्री तो अंगातली उष्णता उतरवून जवळजवळ निपचित पडतो, म्हणजे साठवलेली ताकद रात्रीतच खर्च होऊन जात नाही.

याहून नवलाची गोष्ट त्याच्या वाटेची. वसंतात तो समुद्रकिनाऱ्याच्या कडेने उत्तरेला जातो, कारण तेव्हा तिकडे फुले असतात. परतताना, जुलैपासून, तो रॉकी पर्वताच्या उंच कुरणांवरून खाली येतो, कारण तोवर फुलांचा बहर तिथे सरकलेला असतो. म्हणजे त्याचा रस्ता फुलांनी आखलेला आहे. मधल्या एखाद्या मुक्कामावर फुलेच नसली, तर रुपयाच्या नाण्याएवढा जीव पुढचा टप्पा कसा गाठणार?

ही काळजी नुसती कल्पनेतली नाही. या पाखरांची संख्या अनेक वर्षे घटत आली आहे. म्हणून २०१८ साली आंतरराष्ट्रीय निसर्ग संवर्धन संघाने तांबूस हमिंगबर्डाला 'संकटाच्या जवळ पोचलेली जाती' अशा यादीत घातले.

नाते नाही, पण धंदा एक

शिंजीर आणि हमिंगबर्ड यांचे रक्ताचे नाते नाही. हमिंगबर्ड हा आपल्या पाकोळीच्या गोतातला, तर शिंजीर हा चिमणी-बुलबुलासारख्या गाणाऱ्या पक्ष्यांच्या गोतातला. दोघेही दोन वेगळ्या खंडांत फुलांच्या रसावर जगू लागले, आणि काम एकच असल्यामुळे दोघांची हत्यारे सारखी झाली. लहान अंग, लांब बारीक चोच, रस ओढणारी जीभ. सुताराचा मुलूख बदलला तरी रंधा रंधाच असतो, तसेच हे.

शिंजीर हजारो किलोमीटर जात नाही. पण तोही एका झाडाला बांधलेला नसतो. जिथे बहर असेल तिकडे तो हंगामाप्रमाणे सरकतो. त्यामुळे अमेरिकेतल्या पाखराची वाट सहा हजार किलोमीटरची असली आणि आपल्या शिंजिराची वाट एका शिवारातून दुसऱ्या शिवारापर्यंतची असली, तरी दोघांची अडचण सारखीच आहे. फुलांची साखळी तुटता कामा नये.

पळसाचे बी कुणामुळे धरते?

तुम्ही म्हणाल, पाखराला फुले हवीत हे खरे, पण शेतकऱ्याला पाखरू कशाला हवे? याचे उत्तर पळसाला विचारावे.

पळस आपल्या घरातलाच आहे. त्याच्या पानांच्या पत्रावळी आणि द्रोणांवर किती लग्ने जेवली! त्याच्या फुलांनी होळीचा रंग केला, पोळ्याला त्याची डहाळी दाराशी लागली. लाखेच्या किड्याला तो आसरा देतो. दुसरे झाड तग धरणार नाही अशा पाणथळ किंवा खडकाळ धुऱ्यावर तो उभा राहतो आणि मातीला धरून ठेवतो.

दिल्ली विद्यापीठातील वनस्पतिशास्त्रज्ञांनी पळसाच्या फुलांचा बारकाईने अभ्यास केला आणि तो २००३ साली प्रसिद्ध केला. पळसाच्या झाडावर सात जातींचे पक्षी येत होते. पण त्यांपैकी परागकण नेमके पोचवण्याचे काम एकटा जांभळा शिंजीर करत होता. त्याच्या जोडीला हे काम करणारी दुसरी होती आपली खार. बाकीचे पक्षी रस पिऊन जात, पण फुलाच्या कामी येत नव्हते. पळसाला दुसऱ्या झाडाचा पराग मिळाला तर शेंगा अधिक धरतात, असेही त्यात दिसले. म्हणून या धुऱ्यावरून त्या धुऱ्यावर उडणाऱ्या पाखराला किंमत आहे.

याचा सरळ अर्थ असा की ज्या शिवारात शिंजीर उरणार नाही, तिथे पळस फुलेल, लालभडक दिसेल, पण पळसपापडी कमी धरेल. म्हातारी झाडे जातील आणि त्यांच्या जागी नवी येणार नाहीत. हे नुकसान एका वर्षात डोळ्यांना दिसत नाही. पंचवीस वर्षांनी धुरा उघडा पडलेला दिसतो, तेव्हा कारण कुणालाच सांगता येत नाही.

फुले आणि पक्षी यांच्या या देवाणघेवाणीवर डॉ. सालिम अली यांनी १९३० च्या दशकातच लिहिले होते. आपल्या भागापुरते बोलायचे तर नवेगावबांधच्या जंगलात नोकरी केलेले वनाधिकारी मारुती चितमपल्ली यांनी पक्ष्यांची मराठी नावे आयुष्यभर गोळा केली. २०२५ साली त्यांना पद्मश्री मिळाली आणि त्याच वर्षी ते आपल्यातून गेले. आपल्या अंगणातल्या पाखराला आपण त्याच्या मराठी नावाने ओळखावे, एवढे तरी आपण करू शकतो.

शिंजिराचा आणखी एक उपयोग आहे. पिल्ले नुसत्या रसावर वाढत नाहीत. त्यांना बारीक किडे, अळ्या आणि कोळी भरवावे लागतात. एवढ्याशा पाखरामुळे मळ्यातली कीड संपेल असे मी सांगणार नाही. पण किडीवर नजर ठेवणाऱ्या अनेक जिवांपैकी तो एक आहे, आणि तो मजुरी मागत नाही.

त्याचे नुकसान काही आहे का?

आहे, आणि ते लपवण्यात अर्थ नाही. आंब्यावर बांडगूळ वाढते, त्याच्या फुलांनाही शिंजीर जातो आणि त्यांचे फलन करतो. त्याचे बी मात्र मुख्यतः फुलटोचा नावाचे दुसरे छोटे पाखरू पसरवते. फळ खाऊन चिकट बी ते फांदीवर टाकते आणि तिथेच नवे बांडगूळ रुजते. यावर उपाय पाखराला मारणे हा नव्हे. बांडगुळाला फळे धरण्याआधीच, जिथे ते फांदीत घुसले आहे त्याच्या थोडे खालून फांदी छाटावी. बांडगूळ वरवर तोडले तर ते पुन्हा फुटते.

बारा महिन्यांची शिदोरी

आता आपल्या शिवारात फुलांची साखळी कशी आहे ते पाहू. थंडीत हादगा आणि अडुळसा फुलतो. थंडी सरताना काटेसावर, मग फाल्गुनात पळस आणि पांगारा. जंगलाच्या कडेला धायटी लाल होते. चैत्र-वैशाखात करंज. शेवगा अधूनमधून फुलतच असतो. पुढे पावसाळ्यात रानातला बहर ओसरतो, तेव्हा शिंजिराची मदार घराजवळच्या जास्वंदीवर आणि केळफुलावर राहते.

या साखळीतली एकेक कडी आपण नकळत काढत आहोत. बांधी मोठी करायची म्हणून धुरा बारीक केला, त्यावरचा पळस गेला. सांदवाडीत सिमेंट टाकले, जास्वंद गेली. कुंपणाला तार आली, अडुळसा गेला. प्रत्येक गोष्टीला आपापले कारण होते आणि ते खोटेही नव्हते. पण सगळे मिळून असे झाले की वर्षातले दोन-तीन महिने पाखराला काहीच उरत नाही.

"झाडाची सावली पडून धान कमी होते," असे शेतकरी सांगतात. ते खरे आहे. पण त्यासाठी झाड तोडण्याची गरज नाही. पळस छाटणी उत्तम सोसतो आणि पुन्हा फुटतो. खालच्या आणि बांधीकडच्या फांद्या छाटाव्यात. मात्र एक काळजी घ्यावी. दरवर्षी सगळीच झाडे भुंडी केली तर एकही फुलत नाही. म्हणून धुऱ्यावर दहा पळस असतील तर आळीपाळीने दोन-तीन झाडे तरी न छाटता फुलू द्यावीत.

फवारणी करताना

वैनगंगेच्या काठावर वांगी, मिरची, भेंडी, कारली यांचे मळे आहेत आणि तिथे औषधांचा वापर मोठा आहे. यासाठी कॅनडातला एक अनुभव ध्यानात ठेवण्यासारखा आहे. ब्रिटिश कोलंबिया प्रांतातल्या फ्रेझर खोऱ्यात ब्लूबेरीची शेती होते. तिथल्या हमिंगबर्डांची तपासणी झाली, त्यांत आपण वर पाहिलेला तांबूस हमिंगबर्डही होता. पक्ष्यांच्या शरीरातून बाहेर पडणाऱ्या द्रवात इमिडाक्लोप्रिड आणि थायमेथोक्झाम यांसारख्या कीटकनाशकांचे अंश सापडले. हा अभ्यास २०१८ साली प्रसिद्ध झाला.

ही नावे तुमच्या ओळखीची आहेत, कारण आपल्या कृषी केंद्रातही तीच औषधे मिळतात. ती आंतरप्रवाही आहेत, म्हणजे झाडाच्या रसात भिनतात आणि त्यांचा अंश फुलातल्या मधापर्यंत पोचू शकतो. मधमाशी तो मध पिते आणि शिंजीरही पितो. आठ ग्रॅमच्या अंगाला विषाचा थेंबभर अंशही थोडा नसतो.

औषध वापरूच नका असे मी म्हणत नाही. पण पुढील गोष्टी पाळाव्यात:

१. शेजाऱ्याने फवारले म्हणून फवारू नये. आधी पीक पाहावे, कीड मोजावी आणि नुकसानीची पातळी गाठली असेल तरच औषध घ्यावे.

२. तुरीवर फुले लागताना पहिली फवारणी पाच टक्के निंबोळी अर्काची करावी. शेतात पक्षीथांबे आणि कामगंध सापळे लावावेत.

३. पीक फुलावर असताना आंतरप्रवाही औषधे टाळावीत. फवारणे भागच असेल तर मधमाश्या परतल्यावर, सायंकाळी फवारावे.

४. वारा असताना फवारू नये. औषधाचे तुषार धुऱ्यावरच्या फुललेल्या झाडांवर जाऊ देऊ नयेत.

५. रिकाम्या बाटल्या नाल्यात किंवा बोडीत टाकू नयेत आणि पंप तिथे धुऊ नये.

यातून पाखरू वाचतेच, पण मधमाशी वाचते, औषधाचा खर्च वाचतो, आणि फवारणी करणाऱ्या माणसाच्या अंगावरही विष कमी उडते.

घरट्याची राखण

माता-भगिनींना वेगळे सांगायचे आहे, कारण शिंजिराचे घरटे बहुधा त्यांच्याच नजरेस पडते. लोंबत्या थैलीसारखे ते असते. कोळ्याच्या जाळ्याने शिवलेले, सालीचे तुकडे आणि काडीकचरा चिकटवलेले. दाराच्या वर छोटीशी पडवीही असते. लांबून पाहिले तर कचरा अडकल्यासारखे दिसते आणि खराटा मारताना सहज निघून जाते. गोठ्यातली दोरी, विजेची वायर, डाळिंबाची फांदी, अशा हाताला लागेल इतक्या खालच्या जागीही ते असते.

घरटे मादी एकटीच बांधते आणि अंडीही तीच उबवते. बहुधा दोन अंडी असतात. उबवायला सुमारे पंधरवडा आणि पिल्ले उडेपर्यंत आणखी पंधरवडा. भरवायला मात्र नरही हातभार लावतो. हा हंगाम मुख्यतः पावसाळ्यापूर्वीचा, म्हणजे नेमका आपला घराची शाकारणी करण्याचा, कवेलू फेरण्याचा आणि लग्नाचे मांडव घालण्याचा. तेव्हा अशी थैली लोंबताना दिसली तर आधी दोन घटका लांबून पाहावे. पाखरू ये-जा करत असेल तर तेवढा कोपरा महिनाभर सोडावा. घरटे दुसरीकडे हलवू नये. मुलांना हात लावू देऊ नये. पिल्ले घरात आणून पाळू नयेत, ती जगत नाहीत. शिवाय वन्यजीव संरक्षण अधिनियम, १९७२ नुसार तो गुन्हा आहे.

अमेरिकेत लोक हमिंगबर्डांसाठी साखरेच्या पाण्याच्या बाटल्या टांगतात, हे पाहून आपल्याकडेही काही मुले तसे करू लागली आहेत. आपल्या उन्हाळ्यात ते पाणी लवकर आंबते आणि मुंग्या लागतात. त्यापेक्षा न्हाणीच्या सांडपाण्यावर एक जास्वंद आणि दोन केळी लावाव्यात. पाखराला बारमाही रस मिळतो आणि घरात देवाला फूल, भाजीला केळफूल येते.

या वर्षी काय करता येईल?

मे महिन्यात पळसपापडी वाळून गळते. ती गोळा करावी आणि पहिल्या पावसात, पऱ्हे टाकण्याच्या दिवसांत, धुऱ्याच्या मोकळ्या जागी लावावी. सांदवाडीत हादग्याचे एक झाड लावावे. ते झपाट्याने वाढते, त्याच्या फुलांची भाजी होते आणि पाला शेळ्यांना चालतो. कुंपणाला तार असली तरी तिच्या आतून अडुळसा लावायला हरकत नाही.

शाळेतल्या गुरुजींनी मुलांकडून एक वही करून घ्यावी. कोणत्या महिन्यात गावात कोणते झाड फुलले आणि त्यावर शिंजीर दिसला की नाही, एवढेच लिहावे. वर्षअखेर वही उघडली की कोणता महिना कोरा आहे ते कळेल. त्या कोऱ्या महिन्यात फुलणारे झाड पुढच्या पावसाळ्यात लावावे. एवढे प्रत्येक गावाने केले, तर कारध्यापासून कोक्याच्या जंगलापर्यंत फुलांची साखळी पुन्हा जुळायला फार वर्षे लागणार नाहीत.